लेकी बोले, सुने लागे : कुटुंबोपचाराला पहिल्यांदाच जाणाऱ्यांसाठी

‘लेकी बोले, सुने लागे’ ही म्हण आपण हसत हसत वापरतो, पण आपल्या घरांतील संवाद कसा चालतो हे तिने चार शब्दांत सांगून टाकले आहे. बोलणारी एक, जिच्याशी बोलले जाते ती दुसरी आणि बोलणे जिला लागते ती तिसरीच. कुटुंबोपचार, म्हणजे ज्याला आपण बोलताना फॅमिली थेरपी किंवा कौटुंबिक समुपदेशन म्हणतो, त्याचे निम्मे काम या तिघींमधील दोघींना समोरासमोर बसवून थेट बोलायला लावण्याचे असते. उरलेले निम्मे काम म्हणजे घरातील कोणता विषय कोणाचा, हे एकमेकांच्या तोंडावर ठरवणे.

मी या क्षेत्रातील तज्ज्ञ नाही. डोंबिवलीत दोन खोल्यांच्या घरात सासूबाई, सासरे, नवरा आणि दहा वर्षांची मुलगी यांच्यासोबत राहणारी आणि सहा महिने या सर्वांना घेऊन समुपदेशकांकडे जाणारी मी एक सून आहे. जाण्यापूर्वी मला जे कोणी सांगितले असते तर बरे झाले असते, ते येथे क्रमाने लिहिले आहे.

उपचार नेमका कशावर होतो

बहुतेक घरे एका माणसाला पुढे करून येतात. मुलगा अभ्यास करत नाही, सून फटकून वागते, सासऱ्यांची चिडचिड वाढली आहे, अशी तक्रार असते आणि ‘याला जरा समजावून सांगा’ अशी अपेक्षा असते. कुटुंबोपचारक त्या माणसाचे ऐकतोच. पण तो माणूस गप्प झाला की घरात कोण बोलू लागते, त्याचे बिनसले की कोण कोण एकत्र येते आणि तो सुधारला तर कोणाची अडचण होईल, हेही तो पाहतो.

ही दृष्टी १९५०च्या दशकात अमेरिकेत आकाराला आली. मरे बोवेन या मनोविकारतज्ज्ञाने त्रिकोणाची कल्पना मांडली : दोन माणसांमधील ताण त्यांना पेलवेनासा झाला की ती तिसऱ्याला मध्ये ओढतात आणि तात्पुरता का होईना, जीव हलका करून घेतात. आपल्या म्हणीतील लेक ती हीच. अर्जेंटिनात जन्मलेल्या साल्वाडोर मिनुचिन यांनी फिलाडेल्फियात काम करताना घरातील सीमारेषांकडे लक्ष वेधले. काही घरांत त्या इतक्या पुसट असतात की एकाला शिंक आली तर दुसरा रुमाल काढतो. काही घरांत इतक्या कडक की एकाच छताखाली राहूनही कोणाला कोणाचा पत्ता नसतो. दोन्हींच्या मधली, स्पष्ट पण ओलांडता येणारी रेषा आखणे हे मिनुचिन यांचे उद्दिष्ट होते.

‘ही सगळी परदेशी खुळे आहेत’ असे माझ्या सासऱ्यांचे मत होते. त्यांना जे सांगितले गेले, ते येथे सांगण्यासारखे आहे. १९५०च्या दशकातच अमृतसरच्या मनोरुग्णालयात डॉ. विद्यासागर यांनी रुग्णांच्या नातेवाइकांना रुग्णालयाच्या आवारात तंबू ठोकून राहायला बोलावले आणि उपचारात सामील करून घेतले. वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजच्या मानसिक आरोग्य केंद्रातही रुग्णासोबत घरच्यांनी राहण्याची पद्धत रुजली आणि बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्याच्या राष्ट्रीय संस्थेत कुटुंबांसाठी स्वतंत्र केंद्र आहे. कुटुंबाला वगळून माणसाला बरे करता येत नाही, हे आपल्याकडच्या डॉक्टरांनी स्वतःच्या अनुभवातून ओळखले होते. सासरे यावर काही बोलले नाहीत, पण पुढच्या वेळी पायात चपला घालून ते सर्वांच्या आधी तयार होते.

आधी पाहायच्या दोन गोष्टी

घरात मारहाण, धमक्या किंवा पैशाची नाकेबंदी चालू असेल, तर सर्वांनी एकत्र बसण्याची बैठक हा पहिला उपाय नव्हे. जिला रात्री मार खायचा आहे ती दुपारच्या बैठकीत खरे बोलू शकत नाही, आणि बोललीच तर त्याची किंमत तिलाच घरी मोजावी लागते. अशा वेळी १८१ ही महिला हेल्पलाइन, पोलीस ठाण्यांशी जोडलेले महिला व मुलांसाठीचे विशेष कक्ष आणि २००५चा कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा हे मार्ग आहेत. यांतील विशेष कक्षाची कल्पना टाटा सामाजिक विज्ञान संस्थेने १९८४ मध्ये मुंबई पोलिसांसोबत सुरू केली. मुलांसाठी १०९८ आणि ज्येष्ठांसाठी १४५६७ हे क्रमांक लक्षात ठेवावेत.

दुसरी गोष्ट अशी की घरात कोणी जिवाचे बरेवाईट करण्याची भाषा करत असेल, कोणाला भास होत असतील किंवा व्यसन हाताबाहेर गेले असेल, तर आधी त्या व्यक्तीला मनोविकारतज्ज्ञांकडे न्यावे. केंद्र सरकारच्या टेलिमानस सेवेचा १४४१६ हा क्रमांक चोवीस तास चालतो आणि तेथे मराठीत बोलता येते. कौटुंबिक बैठका त्यानंतर किंवा त्याच्या जोडीने सुरू करता येतात.

कोणाकडे जावे

आपल्याकडे पाटीवर ‘समुपदेशक’ लिहायला फारसे काही लागत नाही, ही या क्षेत्रातील मोठी अडचण आहे. म्हणून पाटीपेक्षा शिक्षण विचारावे. मनोविकारतज्ज्ञ हे वैद्यकीय डॉक्टर असतात आणि औषधे देऊ शकतात. क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट हे औषधे न देता उपचार करणारे मानसशास्त्रज्ञ. त्यांच्याकडे भारतीय पुनर्वास परिषदेचा, म्हणजे आरसीआयचा, नोंदणी क्रमांक असायला हवा. तो विचारण्यात कोणताही उद्धटपणा नाही. मानसोपचार विभागांत काम करणारे समाजसेवकही कुटुंबांसोबतच्या कामात चांगले तरबेज असतात आणि कित्येकदा घर कसे चालते याची जाण त्यांनाच अधिक असते, असे माझे मत झाले आहे.

जिल्हा रुग्णालयांत जिल्हा मानसिक आरोग्य कार्यक्रमाचे कक्ष असतात. ठाणे, येरवडा, नागपूर आणि रत्नागिरी येथे शासनाची प्रादेशिक मनोरुग्णालये आहेत आणि त्यांच्या बाह्यरुग्ण विभागात जाणे म्हणजे ‘भरती होणे’ नव्हे. शासकीय वैद्यकीय महाविद्यालयांचे मानसोपचार विभागही आहेत. खाजगी व्यक्तीकडे जायचे असेल तर फोनवरच विचारून घ्यावे की, तुम्ही एका माणसासोबत काम करता की पूर्ण कुटुंबासोबत, कुटुंबोपचाराचे प्रशिक्षण कोठे घेतले, एका बैठकीला किती वेळ आणि किती शुल्क, आणि घरातील एखाद्याने तुम्हाला परस्पर फोन करून काही सांगितले तर ते तुम्ही इतरांपासून लपवता का. शेवटच्या प्रश्नाचे उत्तर अडखळत आले, तर मी तेथे जाणार नाही. उपचारक स्वतःच निरोप्या झाला की त्रिकोणात आणखी एक कोपरा वाढतो.

२०१७चा मानसिक आरोग्य सेवा कायदा रुग्णाला गोपनीयतेचा हक्क देतो आणि विमा कंपन्यांनी मानसिक आजारालाही शारीरिक आजाराप्रमाणेच संरक्षण द्यावे असे सांगतो. मात्र विम्याची पॉलिसी बहुधा रुग्णालयात दाखल होण्यापुरती असते. बाहेरच्या बैठकांचे पैसे मिळतीलच असे धरून चालू नये.

ज्यांची मुले पुण्यातून अमेरिकेत किंवा दुबईत गेली आहेत, अशा घरांना ऑनलाइन बैठका सोयीच्या पडतात. त्यात दोन गोष्टी सांभाळाव्यात. प्रत्येकाने शक्यतो आपापल्या फोनवरून यावे, म्हणजे आई-वडील एका चौकटीत आणि मुलगा दुसऱ्या चौकटीत अशी दोन पथके होत नाहीत. शिवाय काही देशांत उपचारकाकडे तेथील परवाना असावा लागतो. अमेरिकेत तर तो राज्यागणिक वेगळा असतो. म्हणून कोण कोठे बसून बोलणार आहे हे उपचारकाला आधीच सांगावे.

घरच्यांना कसे तयार करावे

‘तुम्हाला दाखवायला नेतो’ असे म्हटले की काम तेथेच संपते. ‘समुपदेशन’ या शब्दालाही सासूबाई दचकल्या होत्या, कारण त्यांच्या ओळखीत तो शब्द घटस्फोटाच्या आधी कोर्टात ऐकू येतो. मी शेवटी इतकेच म्हटले : “आई, मला सगळं सांभाळणं जमत नाहीये. मला मदत हवी आहे आणि तुम्ही बरोबर आलात तर मला बरं वाटेल.” यात खोटे काहीच नव्हते. आपली अडचण आपल्या नावावर मांडली की समोरच्याला बचावाची ढाल उचलावी लागत नाही.

कोणी येतच नसेल तर येणाऱ्यांना घेऊन सुरुवात करावी. घरातील एकाने आपली पावले बदलली तरी बाकीच्यांना पाऊल बदलावे लागते, फुगडीत लागते तसे. न येणाऱ्यासाठी एक खुर्ची रिकामी ठेवावी, पण बैठकीत काय झाले याचा अहवाल घरी येऊन त्याला देत बसू नये.

पहिली बैठक

पहिली बैठक साधारण तास-दीड तासाची असते. आम्ही आत गेलो तेव्हा कोणी कोठे बसावे हे सांगितले गेले नाही. सासरे दाराजवळच्या खुर्चीवर बसले, सासूबाई आणि माझा नवरा सोफ्यावर शेजारी, मी समोर एकटी आणि मुलगी मधल्या मोड्यावर. मला वाटले ही केवळ बसण्याची जागा आहे. समुपदेशक बाईंनी मात्र ते दोन क्षण पाहून घेतले.

मग त्यांनी मोठा कागद घेऊन तीन पिढ्यांचा आलेख काढला. पुरुषासाठी चौकोन, स्त्रीसाठी वर्तुळ, पती-पत्नीला जोडणारी रेघ आणि खाली मुले. कोण कधी गेले, कोण गाव सोडून मुंबईला आले, कोणाचे कोणाशी बोलणे बंद आहे, हे सगळे त्यावर उतरते. घरून निघण्यापूर्वी आजी-आजोबांपर्यंतची नावे, वये, लग्नाची वर्षे आणि मोठे आजार आठवून ठेवले तर वेळ वाचतो. सासूबाईंनी त्यांच्या सासूबाईंविषयी त्या कागदासमोर जे सांगितले, ते मी बारा वर्षांत ऐकले नव्हते.

यानंतर जे प्रश्न येतात ते नवख्याला चमत्कारिक वाटतात. ‘तुम्हाला राग का येतो?’ असे न विचारता ‘आई रागावल्या की घरात सर्वांत आधी कोणाला कळतं?’ असे ते तिसऱ्यालाच विचारतात. इटलीत मिलान येथील उपचारकांच्या गटाने ही फिरत्या प्रश्नांची पद्धत विकसित केली. आमच्याकडे बाईंनी माझ्या मुलीला विचारले, “आजीला आईला काही सांगायचं असेल तर काय होतं?” मुलगी सहज म्हणाली, “मी सांगते. आणि आईचं आजीला पण मीच सांगते. बाबांना मी काही सांगत नाही, ते टीव्ही बघत असतात.” खोलीत कोणी काही बोलले नाही. मी इतके दिवस माझी तक्रार पाठ करत होते. माझ्याही बोलण्याची वाहतूक त्या पोरीच्या डोक्यावरून चालली आहे, हे मला तेव्हा दिसले.

थेट बोलण्याचा सराव

पुढच्या बैठकांतून घरी करायचा अभ्यास मिळतो. आमचा पहिला अभ्यास एका ओळीचा होता : मुलीबरोबर निरोप पाठवायचा नाही. ऐकायला सोपे आहे, पण ‘आजीला म्हणावं पान वाढलंय’ हे सुद्धा निरोपच आहे आणि पहिल्या दोन दिवसांत माझी जीभ कितीदा अडली याची मोजदाद नाही.

दुसरी गोष्ट आपल्या भाषेची आहे. मराठीत कर्ता लपवणे फार सोपे आहे. ‘आमच्याकडे असं चालत नाही’, ‘बरं दिसत नाही’, ‘लोक नावं ठेवतात’ या वाक्यांत नाराज कोण आहे ते कळतच नाही आणि ज्याचा चेहरा नाही त्याच्याशी तडजोड कशी करायची? समुपदेशक बाई प्रत्येक वेळी शांतपणे विचारत, “आमच्याकडे म्हणजे कोणाकडे?” चौथ्या-पाचव्या वेळी सासूबाई म्हणाल्या, “म्हणजे मला. मला आवडत नाही ती रात्री दहाला स्वयंपाकघरात भांडी वाजवते ते. मला झोप लागत नाही.” ‘आमच्याकडे’ ही परंपरा होती, झोप न लागणे ही अडचण होती आणि अडचणीवर उपाय निघाला. भांडी सकाळी घासायचे ठरले.

ऐकण्याचाही सराव असतो. एकाने दोन मिनिटे बोलायचे, दुसऱ्याने उत्तर देण्यापूर्वी ऐकलेले आपल्या शब्दांत परत सांगायचे आणि पहिल्याने ‘हो, हेच’ म्हटल्यावरच पुढे जायचे. हे करताना खोटे खोटे वाटते, नाटकाची तालीम चालल्यासारखे. तरी करावे. वेळ मात्र नीट निवडावी. ताटावर, दारात चपला घालताना आणि कुटुंबाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर या तीन ठिकाणी कोणताही वादाचा विषय काढू नये, असा नियम आम्ही केला. त्यातील तिसरा पाळणे सर्वांत अवघड गेले, कारण नणंद त्या ग्रुपवर आहे आणि बैठकीत नाही.

बांध कोठे घालावा

‘मर्यादा’ हा शब्द मी जपून वापरते. आपल्याकडे मर्यादा बहुधा कोणावर तरी घातली जाते आणि ती पाळणारी ठरलेली असते. उपचारात ज्याला सीमारेषा म्हणतात तिला मला शेताच्या बांधाची उपमा जवळची वाटते. बांध दोन्हीकडच्यांना माहीत असतो, त्यावरून दोघेही चालतात, आणि भाऊबंदकीची भांडणे बांध असल्यामुळे होत नाहीत, कोणीतरी तो दरवर्षी वीतभर कोरत जातो म्हणून होतात.

घरातील बांध आखताना एक मोठे भाषण करू नये. एकेक विषय घेऊन ‘हा निर्णय कोणाचा, सल्ला कोणाचा आणि माहिती कोणाला’ असे तीन प्रश्न विचारावेत. मुलीची शाळा आणि अभ्यास : निर्णय आई-बाबांचा, सल्ला आजी-आजोबांचा. सणाचा स्वयंपाक : निर्णय सासूबाईंचा आणि त्यात मी मला हवे तसे बदल परस्पर करायचे नाहीत. नवऱ्याचा पगार : निर्णय आम्हा दोघांचा, घरखर्चाची ठरावीक रक्कम दर महिन्याच्या पाच तारखेपर्यंत सासऱ्यांच्या हातात. पैशाच्या या रकमेवर दोन पूर्ण बैठका गेल्या आणि मला वाटते त्या दोन बैठकांनीच सर्वांत जास्त शांतता दिली, कारण त्याआधी सासऱ्यांना प्रत्येक गॅस सिलिंडरच्या वेळी मुलाकडे मागावे लागत होते.

पती-पत्नींची जागा हा या कामाचा गाभा असतो. आमच्या घरात बेडरूमला दार आहे, पण ते लावले की कोणीतरी काहीतरी शोधत येते. ज्यांच्याकडे एकच खोली आहे त्यांना दाराचाही आधार नाही. अशा घरांत जागेऐवजी वेळेचा बांध घालता येतो. रात्री जेवणानंतर अर्धा तास दोघांनी खाली सोसायटीत फेरी मारायची आणि त्या वेळी फोन करायचा नाही, एवढे ठरले तरी पुष्कळ होते. मुलासमोर दुसऱ्या पालकाविषयी तक्रार करायची नाही, हा बांध मात्र जागा कितीही लहान असली तरी घालावाच लागतो.

बांध सांगताना समोरच्याने काय करावे यापेक्षा आपण काय करणार आहोत ते सांगावे. ‘तुम्ही सारखं विचारू नका’ यावर भांडण होते. “आई, ऑफिसचा फोन चालू असताना मी उत्तर देणार नाही, पण फोन ठेवला की मी स्वतः येऊन बसेन,” यावर भांडण करायला फारशी जागा नसते, अट एवढीच की फोन ठेवल्यावर खरोखरच जाऊन बसावे लागते. सुरुवातीला विरोध वाढतो, त्याने घाबरून जाऊ नये. जुनी वाट बंद झाली की माणूस आधी त्याच वाटेवर जोरात धक्का देऊन पाहतो. आमच्याकडे तिसऱ्या आठवड्यात सासूबाईंनी दोन दिवस अबोला धरला. नवऱ्याने नेहमीप्रमाणे मध्यस्थी केली नाही, हे त्याच्या दृष्टीने सर्वांत अवघड काम होते. मुलाची इतक्या वर्षांची सवय अशी दोन दिवसांत सुटत नसते, आणि त्याला मधल्या काळात अपराधी वाटणारच. तेही त्याने बैठकीत बोलून दाखवावे.

किती दिवस आणि चालले आहे हे कसे ओळखावे

सुरुवातीला आठवड्याने किंवा पंधरा दिवसांनी आणि पुढे महिन्याने अशा बैठका होतात. किती लागतील हे घरावर अवलंबून आहे; तिसऱ्या-चौथ्या बैठकीला उपचारकाशी मिळून आतापर्यंत काय हलले याचा आढावा घ्यावा. भांडणे बंद झाली का, हे माप चुकीचे आहे. भांडण कोणामध्ये झाले, त्यात तिसरे कोणी ओढले गेले का आणि ते किती वेळात मिटले, हे पाहावे. उपचारक सतत एकाचीच बाजू घेतो, ‘सुनेने समजून घ्यायला हवं’ किंवा ‘आता सरळ वेगळे राहा’ असा निकाल पहिल्या तासात देतो, किंवा ऐकलेले इतरांना सांगतो, असे दिसले तर उपचारक बदलावा. उपचार सोडण्याचे मात्र कारण नाही.

आमच्या बैठका संपून पाच महिने झाले. सासूबाई अजूनही टोमणा मारतात आणि मीही फार मागे नाही. परवा जेवताना त्या मुलीकडे वळून म्हणाल्या, “आईला सांग—” आणि थांबल्या. मग माझ्याकडे पाहून म्हणाल्या, “अगं, आमटीत मीठ कमी आहे.” मी मिठाचा सट पुढे केला. मीठ, माझ्या मते, बरोबर होते.